कातर आणि कातरवेळ : सातबोडीच्या आकाशाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सातबोडी हे आम्ही काही नागपूरकरांनी मिळून रचलेलं जग. रविवारी दुपारी धरमपेठेतल्या एका गच्चीवरच्या खोलीत आम्ही ते, एकेक पात्र घेऊन, फासे टाकून खेळतो. मी सूत्रधार असते. नवीन आलेला प्रत्येक जण पहिल्या तासाभरातच त्या आकाशातल्या चिरेबद्दल विचारतो. उत्तरं तोंडी देता देता माझ्याकडून काही ना काही सुटतं, म्हणून ती एकदा नीट लिहून ठेवते आहे.

कातर म्हणजे नेमकं काय?

सातबोडीच्या आकाशात पडलेली चीर. उन्हाळ्यात आटलेल्या तळ्याच्या गाळाला भेग पडते ना, तशी. पण एकच, लांब आणि दोन्ही टोकांना निमुळती. रंग राखेसारखा. ती ढगांच्याही खाली असते आणि वाऱ्याने हलत नाही. सात बोड्यांपैकी एका वेळी एकाच बोडीवर ती असते. तिच्या खाली येणारी जमीन, म्हणजे पाणी, पाळ (बोडीचा बांध), पाळीवरची झाडं, कधीकधी अर्धं गाव, या सगळ्यावर वेळ मंदावतो. बाहेरच्यापेक्षा साठपट. त्या जागेला आणि तिथल्या वेळेला मिळून कातरवेळ म्हणायचं.

बोडी म्हणजे काय, हे भंडारा-गोंदियाकडच्या माणसाला सांगावं लागत नाही. धानाच्या शेतीला पाणी देण्यासाठी बांधलेलं छोटं तळं. मोठ्या तलावांना तिकडे मामा तलाव म्हणतात, म्हणजे माजी मालगुजारी तलाव. आमच्यातल्या दोघांचं आजोळ त्या भागातलं, म्हणून आमच्या जगाला समुद्र नाही, किल्ले फारसे नाहीत, पण तळी आहेत.

हे नाव का?

मराठीत कातर म्हणजे कापायची मोठी कात्री. कातर आवाज म्हणजे गळा दाटून आलेला, थरथरता आवाज. आणि कातरवेळ म्हणजे दिवेलागणीची ती हुरहुर लावणारी घटका. या शब्दांचं मूळ एकच आहे असा माझा दावा नाही. पण कापणं, थरथरणं आणि तिन्हीसांज या तिन्ही गोष्टी आम्हाला त्या चिरेत हव्या होत्या, आणि आपल्या भाषेत त्या एका उच्चाराशी उभ्या होत्या. तो शब्द सापडला त्या दिवशी जग अर्धं तयार झालं.

कल्पना कुठून आली?

दोन ठिकाणांहून.

पहिलं आकाशातून. २ एप्रिल २०२२, गुढीपाडव्याची रात्र. पावणेआठच्या सुमारास विदर्भाच्या आकाशातून जळत्या रेषा सरकत गेल्या. उल्का डोळ्यांचं पातं लवेपर्यंत संपते. या संपत नव्हत्या, सावकाश चालल्या होत्या. गच्चीवर उभी राहून मी त्या पाहिल्या आणि काही क्षण खरोखर वाटलं की आकाशाचं घड्याळ मंदावलं आहे. चंद्रपूर जिल्ह्यात सिंदेवाही तालुक्यातल्या लाडबोरीला धातूची भलीमोठी कडी पडली. तो चिनी रॉकेटचा, वातावरणात परत शिरताना जळालेला भाग होता, असं अभ्यासकांनी सांगितलं. कारण कळल्यावरही ते दृश्य माझ्यासाठी लहान झालं नाही.

दुसरं एका रुग्णालयाच्या कॉरिडॉरमधून. बाबांना अकरा दिवस अतिदक्षता विभागात ठेवलं होतं, त्यांतले बहुतेक दिवस झोपेच्या औषधाखाली. बाहेरच्या बाकावर आई आणि मी पाळीपाळीने बसायचो. त्या अकरा दिवसांत आईच्या चेहऱ्यावर वर्षं चढली. बाबा शुद्धीवर आले आणि पहिलं वाक्य बोलले, "काल रात्रीच आणलं ना मला?" ते खरंच विचारत होते. त्यांचा वेळ गेलाच नव्हता. आमचा गेला होता. सातबोडीतला प्रत्येक नियम त्या वाक्यातून निघाला आहे, आणि म्हणून या जगात जे आत जातात त्यांच्याइतकंच, किंबहुना थोडं जास्तच, महत्त्व बाहेर थांबलेल्यांना आहे. नवीन खेळाडूला मी हे आधी सांगते.

वेळ नक्की किती बदलतो? हिशेब कसा करायचा?

साठचा गुणाकार लक्षात ठेवा, पुरे. आपल्या जुन्या मोजणीत ६० पळांची एक घटिका आणि ६० घटिकांचा एक दिवस. म्हणजे घटिका २४ मिनिटांची आणि पळ २४ सेकंदांचं. त्यामुळे:

कातरीखाली एक पळ गेलं की बाहेर एक घटिका जाते. आत घटिका गेली की बाहेर एक दिवस. आत एक दिवस गेला की बाहेर साठ दिवस, म्हणजे दोन महिने, म्हणजे एक ऋतू. पाऊस सुरू होताना आत गेलेला माणूस एक दिवस राहून बाहेर आला तर शरदाचं चांदणं पडलेलं असतं. आत सहा दिवस काढले की बाहेरचे सहाही ऋतू फिरून वर्ष झालेलं.

पट निवडताना आम्ही आधी दहा, मग शंभर करून पाहिला. शंभराने हिशेब सोपा होता, पण तो पाठ्यपुस्तकातला वाटायचा. साठ घेतल्यावर पळाची घटिका झाली, घटिकेचा दिवस झाला, दिवसाचा ऋतू झाला. वेगळा तक्ता करावाच लागला नाही. आपल्या पूर्वजांनी वेळेचे जे डबे एकात एक बसवून ठेवले होते, कातर माणसाला फक्त एका डब्यातून पुढच्या डब्यात टाकते.

एक परिणाम मात्र आम्हालाही उशिरा कळला. संवत्सरंही साठच असतात: प्रभव, विभव, शुक्ल करत साठावं क्षय, आणि पुन्हा प्रभव. २०२२ च्या त्या पाडव्याला शुभकृत् लागलं होतं. ते नाव पुन्हा यायला साठ वर्षं जावी लागतात. आता समजा कुणी शुभकृत् संवत्सरात कातरीखाली गेलं आणि आत पुरतं एक वर्ष राहिलं. बाहेर आल्यावर त्याच्या हिशेबाने पुढचं संवत्सर, शोभन, असायला हवं. तो रस्त्यातल्या माणसाला विचारतो, "कोणतं संवत्सर?" उत्तर येतं, "शुभकृत्." त्याला वाटतं, वा, आपण गेलो त्याच वर्षात परत आलो, काहीच बिघडलं नाही. तो आनंदाने घराकडे चालायला लागतो. हा प्रसंग आम्ही एकदा खेळलो. घराचं दार कुणी उघडायचं, हे ठरवायला मला पूर्ण आठवडा लागला.

आतल्या माणसाला कळतं का?

शरीराला नाही. नाडी तशीच चालते, भूक वेळेवर लागते, भात शिजायला तेवढाच वेळ लागतो. घटिका मोजायची छिद्राची वाटी घंगाळातल्या पाण्यावर ठेवली तर ती घटिकाभरातच बुडते, कारण वाटी, पाणी आणि पाहणारा तिघेही एकाच संथपणात आहेत. आत बसून आतल्या घड्याळाने आतली गती मोजता येत नाही.

पण उजेड पाहणाऱ्याला कळतं. कातरीखाली सूर्य दिसत नाही. कायम दिवेलागणीचा राखाडी उजेड असतो. तो हळूच वाढतो, हळूच ओसरतो, पुन्हा वाढतो. वाटी एकदा बुडायला जितका वेळ लागतो तितक्यात तो एकदा चढून उतरतो. ती प्रत्येक चढउतार म्हणजे बाहेर उगवून मावळलेला एक अख्खा दिवस. सातबोडीची माणसं तिला उजेडझुळूक म्हणतात. पोरांना पोहायच्या आधी ती मोजायला शिकवतात.

याच कारणाने तिथे "घटकाभर थांबा हो" असं पाहुण्याला कुणी म्हणत नाही. आपण सहज बोलून जातो ते शब्द तिकडे फार जड आहेत.

बाहेरून आतली माणसं दिसतात का? हाक मारता येते का?

दिसत नाहीत. इथे आम्ही खऱ्या भौतिकशास्त्राचा आधार घेतला. आत लावलेल्या दिव्याचा प्रकाश बाहेर येताना साठपट ताणला जातो. डोळ्यांना दिसणारा प्रकाश साधारण ४०० ते ७०० नॅनोमीटर तरंगलांबीचा. साठाने गुणलं की तो दूरच्या अवरक्त पट्ट्यात जातो, म्हणजे ऊबच उरते, उजेड नाही. उलट दिशेने बाहेरची ऊब आत शिरताना दिसण्याजोगी होते. त्यामुळे आतून पाहणाऱ्याला बाहेरची चूल, गोठ्यातले बैल, पाळीवर उभी माणसं स्वतःच मंद उजळल्यासारखी दिसतात. पण इतक्या वेगाने इकडून तिकडे होतात की चेहरा ओळखता येत नाही. फक्त जो न हलता उभा राहतो, तो दिसतो. आत गेलेल्याला आपण दिसावं म्हणून पाळीवर तासन्‌तास निश्चल उभं राहायची रीत त्यातूनच आली.

हाकेचं गणितही असंच. बाहेरून मारलेली हाक आत साठपट आखूड आणि साठपट चढ्या सुरात पोहोचते. बाईच्या आवाजाचा मूळ सूर सेकंदाला २०० कंपनांच्या आसपास धरा. आत तो १२,००० होतो. पोरांना ती बारीक शीळ ऐकू येईल, म्हाताऱ्यांना बहुधा तेवढीही नाही. मिनिटभर घातलेली साद आत सेकंदात संपते. आतून बाहेर तर काहीच ऐकू येत नाही, कारण तिथला आवाज माणसाच्या कानाच्या खालच्या मर्यादेच्या, सेकंदाला २० कंपनांच्या, कितीतरी खाली जातो.

म्हणून नगारा. कातर बोडीवर आली आणि कुणी आत असलं की पाळीवर नगारा मांडतात. दर पळाला एक टोला, दिवसाला ३,६००. बाहेर तो किती सावकाश वाजतो ते घरी करून पाहा: टोला, मग २४ सेकंद शांतता, मग टोला. आत मात्र तो मिनिटाला दीडशेच्या ठेक्यात पोहोचतो, आणि नगाऱ्याचा घुमारा साठपट चढून रातकिड्यासारखा वाजतो. कातरीखालच्या राखाडी उजेडात रातकिडा किरकिरतोय, म्हणजे घरचं कुणीतरी अजून जागं आहे.

आतून निरोप पाठवता येतो का?

पाण्यावाटे. बोडीच्या पाटात पळसाचा द्रोण सोडायचा. तो कातरीबाहेर आला की कुणीतरी उचलतो. खूण ठरलेली असते: गवताची एक काडी म्हणजे ठीक आहे, दोन म्हणजे येतोय, रिकामा द्रोण म्हणजे येत नाही.

(पाण्याने आम्हाला तीन रविवार छळलं. बाहेरचा ओढा कातरीखालच्या बोडीत वाहत राहिला तर आतल्यांच्या दृष्टीने तो साठपट वेगाने येईल. अख्ख्या पावसाळ्याचं पाणी दोन दिवसांत. म्हणून नियम असा: कातर दिसली की गावाचं पहिलं काम वरच्या बाजूची मोरी बंद करणं. ज्याच्याकडे मोरीचं काम, त्याला पानात पहिलं वाढतात.)

मग ऊनही साठपट तापणार नाही का?

हा प्रश्न बहुतेक मे महिन्यात येतो, आणि नागपूरच्या मेमध्ये तो विचारणाऱ्याला मी आधी मठ्ठा देते. पारा पंचेचाळीसच्या वर गेलेल्या गावात साठपट उन्हाची कल्पना करणं काही अवघड नाही.

काटेकोर उत्तर: हो, तापेल. इतकंच नाही, दिसणारा प्रकाश साठपट आखूड होऊन अतिनीलाच्याही टोकाला जाईल आणि आतला प्रत्येक जीव होरपळेल. इथे आम्ही शास्त्राचा हात सोडला. आमची कातर वरचं ऊन पिऊन टाकते आणि थोडा, डोळ्यांना सोसेल एवढा उजेड खाली सोडते. ते कसं, याचं उत्तर सातबोडीतही कुणाकडे नाही. जगात एक गोष्ट न सांगता ठेवायची असं आम्ही ठरवलं होतं, ती ही.

एक हात आत आणि बाकी शरीर बाहेर असेल तर?

कड धारदार असती तर मेलाच. हृदय बाहेर आपल्या गतीने रक्त ढकलतंय आणि हातातल्या रक्तवाहिन्या साठपट संथ. म्हणून कड धारदार नाही, उतार आहे. फेकलेला दगड जिथवर जाईल साधारण तेवढ्या अंतरात वेळ पावलापावलाने मंदावतो. उतारावर चालताना थोडी भोवळ येते, कान दडपतात.

याच उतारावरून आमच्यात सगळ्यात मोठं भांडण झालं. एकाने बाहेरून आत बाण मारला आणि म्हणाला, बाहेरच्या हिशेबाने तो आत गोगलगायीसारखा जाईल, आतला माणूस बाजूला होईल. दुसरा म्हणाला, आतला माणूसही तेवढाच संथ आहे, त्याला बाण बाणासारखाच लागेल. दुसऱ्याचं बरोबर. ज्याचा जीव जातोय त्याच्या घड्याळाने पाहायचं, हा आमचा कायमचा निवाडा.

कातरीखाली वेळ उलटा जातो का? आत वेगाने जाईल अशी जागा आहे का?

नाही आणि नाही. गेलेला वेळ परत मिळण्याची सोय ठेवली की पाळीवर थांबलेल्या बाईच्या थांबण्याला किंमत उरत नाही.

खऱ्या जगात असं काही घडतं का?

घडतं, फक्त प्रमाण इतकं छोटं की आपल्याला जाणवत नाही. गुरुत्वाकर्षण जास्त तिथे वेळ संथ. जीपीएसच्या उपग्रहांवरची अणुघड्याळं आपल्या जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात: उंचीमुळे ४५ ने पुढे आणि वेगामुळे ७ ने मागे, अशी वजाबाकी. ती दुरुस्ती केली नाही तर दिवसभरात नकाशावरची जागा काही किलोमीटरांनी चुकेल. सीताबर्डीच्या गर्दीत रस्ता शोधताना तुमचा फोन हा हिशेब गुपचूप धरून चालत असतो. साठपट फरक पडायला मात्र कृष्णविवराच्या अगदी काठावर जावं लागेल. आम्ही तो काठ उचलून बोडीच्या पाळीवर आणून ठेवला.

ही पुराणातल्या रेवतीची गोष्ट नाही का?

तिची धाकटी बहीण म्हणा. राजा ककुद्मी आपल्या मुलीसाठी, रेवतीसाठी, वर विचारायला ब्रह्मलोकी जातो. तिथे गंधर्वांचं गाणं चाललेलं असतं, म्हणून थोडा वेळ थांबतो. गाणं संपल्यावर ब्रह्मदेव हसून सांगतात की पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटली. मनात धरलेले वर राहिले नाहीत, त्यांची नातवंडंही नाहीत. पुढे रेवतीचं लग्न बलरामाशी होतं. भागवतात ही गोष्ट मोजक्या ओळींत संपते. माझ्या मनात लहानपणापासून एकच अडकलं होतं: त्या गाण्याच्या वेळेत रेवतीच्या सख्या पृथ्वीवर काय करत होत्या? त्यांच्याबद्दल कुणी काही सांगत नाही. सातबोडी त्या सख्यांसाठी आहे.

लोक जाणूनबुजून कातरीखाली का जातात?

आजारपणासाठी, सगळ्यात जास्त. धानाच्या बांधावर पोराला साप चावला, आणि उतारा जाणणारा वैद्य वीस दिवसांच्या वाटेवर. पोराला कातरीखाली ठेवायचं. बाहेर वीस दिवसांत वैद्य येतो. आत वीस घटिका, म्हणजे आठ तास गेलेले असतात. आठ तास तग धरला तर वाचला. बरोबर आई जाते. तिचे इतर दोन लेकरं वीस दिवस शेजारी जेवतात.

दुसरं कारण साठवण. आंबिया बहाराची संत्री हिवाळ्यात तोडून आत ठेवली की मृग लागेपर्यंत बाहेर सहा-सात महिने गेले तरी आत साडेतीन दिवसही होत नाहीत. साल जशीच्या तशी चकचकीत. भर उन्हाळ्यात ताजं संत्रं, म्हणजे श्रीमंती. पण टोपल्या आपोआप आत जात नाहीत. हमाल आत जातो, टोपली ठेवतो, वळतो. अर्धी घटिका लागते. बाहेर अर्धा दिवस. तो रोज सकाळी एक खेप करतो आणि उतरत्या उन्हात घरी येतो, हाताशी मिनिटांची मजुरी घेऊन. दहा वर्षं हे केल्यावर त्याची बायको त्याच्यापेक्षा पाच वर्षांनी म्हातारी झालेली असते. मजुरी कोणत्या घड्याळाने द्यायची, हमालाच्या की सावकाराच्या, यावर आमच्या जगात एक बंड झालं. त्या डावात मी सूत्रधार असूनही हमालांच्या बाजूने होते, आणि ते मी लपवलं नाही.

कर्ज बुडवायलाही जातात. व्याज कातरीखाली धरायचं नाही, असा पंचांचा निर्णय आहे. सावकार अजून मानत नाहीत.

धाकटी थोरल्यापेक्षा मोठी झाली तर नाती कशी लावायची?

मला सगळ्यात आवडणारा प्रश्न. नियम: नातं जन्माच्या क्रमाने, वयाच्या नाही.

आमच्या खेळात दोन बहिणी होत्या. थोरली सतरा वर्षांची असताना आत गेली आणि आतल्या सहा महिन्यांनी बाहेर आली. बाहेर तीस वर्षं झाली होती. धाकटी आता चव्वेचाळीसची, केस पिकलेले, तीन मुलांची आई. पाळीवर दोघी समोरासमोर आल्या तेव्हा धाकटी खेळणाऱ्या मुलीने काय म्हणावं, हे कुणीच ठरवलं नव्हतं. तिने वाकून त्या सतरा वर्षांच्या पोरीच्या पायाला हात लावला आणि अगदी आपल्या नागपुरी बोलीत विचारलं, "ताई, काहून व एवढा उशीर केला?"

खोलीत बराच वेळ कुणी फासा उचलला नाही. तेव्हापासून तो नियम आहे. चव्वेचाळीसची बाई सतराच्या पोरीला ताईच म्हणणार, आणि ताईला वयाने कितीही मोठ्या मावशीसारख्या दिसणाऱ्या त्या बाईला "अगं" म्हणण्याचा हक्क राहणार.

यात नागपूर कुठे आहे?

सगळीकडे, नाव न घेता. झिरो माइलचा दगडी खांब आमच्या नकाशात सात बोड्यांच्या मधोमध उभा आहे. अंतरं तिथून मोजतात. आपल्या शहराचं स्वतःचं घड्याळही थोडं सरकलेलं आहेच. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची, नागपूर ७९ च्या जरासं पुढे; एका अंशाला चार मिनिटं धरली तर वर्षाच्या सरासरीने इथला सूर्य माथ्यावर येतो तो बारा वाजून तेरा-चौदा मिनिटांनी. मेच्या अखेरच्या आठवड्यात आणि पुन्हा जुलैमध्ये एकेक दिवस तो बरोब्बर डोक्यावर येतो आणि खांबाची सावली पायाखाली नाहीशी होते. सातबोडीत त्या शून्य सावलीच्या दिवशी कातर जागा बदलते, असा समज आहे. नेहमी खरा ठरत नाही.

आणि मारबत, म्हणजे इडापिडा घेऊन जावी म्हणून नागपुरात मिरवून जाळतात तो पुतळा. तान्ह्या पोळ्याला काळी-पिवळी मारबत पाहत वाढलेल्या माणसांनी जग रचलं आणि त्यात ती आली नाही, असं होणं शक्य नव्हतं. आमच्याकडे गवताची बाई करून गावातली इडापिडा तिच्यावर घालतात. एकाने सुचवलं, ती कातरीखाली सोडून देऊ. दुसरीने लगेच हात धरला: आत ठेवलेली गोष्ट साठपट टिकते. म्हणून सातबोडीची मारबत कातरीकडे पाठ करून, बाहेरच जाळतात.

कातर कधी हलते?

प्रत्येक डावाच्या सुरुवातीला वीस बाजूंचा फासा टाकतो. एक पडला तर हलली. आत कोण आहे हे पाहून टाकत नाही.

मला खेळायचं आहे. पहिल्या रविवारी काय करायचं?

नवीन माणूस आत जात नाही. तो बाहेर राहतो.

सध्या कातर चौथ्या बोडीवर आहे. आत आमची तीन पात्रं आहेत आणि साप चावलेला एक मुलगा. बाहेर अडतीस दिवस झाले. आत पंधरा तास आणि वर थोडी मिनिटं. वैद्य दोन नद्यांपलीकडे पुरात अडकला आहे. परवा पाटातून एक द्रोण आला, त्यात गवताची एक काडी होती.

पाळीवर रात्रीच्या तिसऱ्या प्रहराला माणूस कमी पडतोय. एक प्रहर म्हणजे साडेसात घटिका, साडेचारशे टोले. आधीचा माणूस मध्यरात्री उठतो, तुमच्या हातात टिपरू देतो आणि कितवा टोला चालू आहे ते सांगून झोपायला जातो. तुम्ही त्याच्या पुढच्या आकड्यापासून सुरू करायचं.